मृदंग बनवणाऱ्याचा मुलगा

मैत्रिणींनो, दसऱ्याच्या आदल्या दिवशी, खंडेनवमीला, आपल्याकडे अवजारांची पूजा होते. ज्या घरात पखवाज, ढोलकी, तबला असतो तिथे त्यालाही हळदकुंकू वाहतात, झेंडूची माळ घालतात. वाद्याला चुकून पाय लागला तर आपण लगेच हात लावून नमस्कार करतो. छान संस्कार आहे हा. पण त्या पखवाजाची पुडी कुणी बसवली, वाद्या कुणी ओढल्या, शाई कुणी घोटली, हे आपल्यापैकी किती जणींना माहीत असतं? वाजवणाऱ्या बुवांचं नाव सप्ताहाच्या पत्रिकेत छापलेलं असतं. बनवणाऱ्याचं नाव कुठेच नसतं.

हा प्रश्न माझ्या डोक्यात घातला तो एका तमिळ सिनेमाने. नाव 'सर्वम् तालमयम्'. म्हणजे सगळं काही तालाने भरलेलं आहे. तोक्योच्या चित्रपट महोत्सवात तो २०१८ साली दाखवला गेला आणि १ फेब्रुवारी २०१९ ला आपल्या देशात प्रदर्शित झाला. वरवर पाहिलं तर तरुण पोरांचा सिनेमा. दोस्ती आहे, प्रेम आहे, गाणी आहेत, ए. आर. रहमानचं संगीत आहे. पण आतून तो एका साध्या गोष्टीबद्दल बोलतो. जो वाद्य बनवतो, त्याच्या मुलाने ते वाजवायला शिकायचं म्हटलं, तर काय होतं?

'सपने'वाला दिग्दर्शक

तमिळ सिनेमा म्हटलं की आपल्याला परका वाटतो. पण याचे दिग्दर्शक राजीव मेनन आपल्या ओळखीचे आहेत बरं का! काजोल आणि प्रभुदेवाचा 'सपने' आठवतोय? १९९७ च्या 'मिनसारा कनवू' या तमिळ सिनेमाचं ते हिंदी रूप. तो राजीव मेनन यांचा. मणिरत्नमचा 'बॉम्बे' आणि नंतर 'गुरू', या दोन्हींचे कॅमेरामनही तेच. २००० मध्ये तब्बू आणि ऐश्वर्या राय यांना घेऊन त्यांनी 'कंडुकोंडेन कंडुकोंडेन' केला आणि त्यानंतर जवळजवळ १९ वर्षांनी हा तिसरा सिनेमा. त्यांच्या आई कल्याणी मेनन स्वतः नावाजलेल्या पार्श्वगायिका होत्या. २०२१ मध्ये त्या गेल्या. म्हणजे घरात गाणं होतंच.

ही गोष्ट सुचली कशी, तेही ऐकण्यासारखं आहे. थोर मृदंगवादक उमयाळपुरम शिवरामन यांच्यावर मेनन माहितीपट करत होते. त्या कामात त्यांची गाठ मृदंग बनवणाऱ्या कारागिराशी पडली आणि त्यांची नजर मंचावरून मंचामागे वळली.

आपल्या घरातलाच पीटर

सिनेमातला पीटर जॉन्सन चेन्नईचा. बाप मृदंग बनवतो. पोराचं शिक्षणात मन नाही. सुपरस्टार विजयचा तो कट्टर फॅन. हो, तोच विजय, ज्याने २०२४ मध्ये स्वतःचा राजकीय पक्ष काढला. त्याचा नवीन पिक्चर लागला की हा आणि याचे दोस्त थिएटरबाहेर नाचतात, वाजवतात, मारामाऱ्याही करतात. सांगा बरं, असा मुलगा आपल्या गल्लीत नाही का? कुणी दहीहंडीच्या मागे, कुणी डीजेच्या मागे, कुणी पुढाऱ्याच्या वाढदिवसाच्या फ्लेक्सवर. आई म्हणते, "पोरगं वाईट नाही हो, पण कुठे लक्षच नाही!"

एकदा बापाने तयार केलेला मृदंग पोचवायला पीटर एका मोठ्या मैफलीच्या जागी जातो. मंचावर वेंबू अय्यर. वयस्कर, कडक, पण हातात साक्षात सरस्वती. त्यांचं वादन ऐकून पोरगा जागच्या जागी थिजतो. आपण रस्त्यावर वाजवतो तो ताल, आणि हा ताल, यांच्यातलं अंतर त्याला कळतं. आणि त्याला तेच हवंसं वाटतं.

इथून खरी गोष्ट सुरू होते. कारण बापालाच हे पटत नाही. आपण बनवायचं, त्यांनी वाजवायचं, हे त्याच्या अंगवळणी पडलेलं. पीटर मात्र अय्यरांच्या दाराशी चिकाटी धरून बसतो. अय्यर आधी तयार होत नाहीत. मग पोराची ओढ बघून घरात घेतात. पण त्यांचा जुना शिष्य मणी, त्याला हे सहन होत नाही. चामड्याचं काम करणाऱ्याचं पोर आपल्या शेजारी बसून शिकणार?

एखादी म्हणेल, पीटर तर ख्रिश्चन, मग जात कुठून आली? मैत्रिणींनो, धर्म बदलला तरी गाव आणि गावाची नजर बदलत नाही. तमिळनाडूत दलित ख्रिश्चनांना आजही हा अनुभव येतो. सिनेमात पीटर वडिलांच्या मूळ गावी जातो. तिथल्या चहाच्या टपरीवर त्याला चहा मिळतो, पण इतरांपेक्षा वेगळ्या कपात. भांडण नाही, शिवी नाही, फक्त कप वेगळा. आपल्या आजीच्या पिढीत काही घरांच्या वळचणीला एक वेगळी कपबशी उपडी घातलेली असायची. ज्यांनी ती पाहिली आहे त्यांना हा प्रसंग वेगळा समजावून सांगायला नको.

रवा, भात आणि कातडं

आता जरा मृदंगाविषयी. दक्षिणेतला मृदंग आणि आपल्या वारकऱ्यांचा पखवाज ही भावंडंच. पखवाजाच्या डाव्या अंगाला आपण मळलेली कणीक लावतो ना, तसा मृदंगाच्या डाव्या अंगाला भिजवलेला रवा थापतात. त्याने आवाज खोल आणि घुमारेदार होतो. खोड असतं फणसाच्या लाकडाचं. उजव्या बाजूला मधोमध जो काळा ठिपका दिसतो, त्याला आपण शाई म्हणतो. तिथे खास काळ्या दगडाची पूड शिजवलेल्या भातात मळून, थरावर थर देत घोटतात. प्रत्येक थर घोटून बसवायचा, मग दुसरा. म्हणजे रवा, भात, कणीक... आपल्या फडताळातल्याच वस्तू!

पण त्याच्याखाली असतं ते कातडं. म्हशीचं, गाईचं आणि शेळीचं. तिन्हींची कामं वेगळी. कातडं निवडायचं, साफ करायचं, ताणायचं, त्याचा वास अंगाला येतो, हात सोलून निघतात. आणि हे सगळं करणाऱ्याला कान लागतो. पुडी थोडी सैल पडली, शाईचा थर किंचित जाड झाला, की स्वर चुकला. वाजवणाऱ्याने "जरा बसका वाटतोय" म्हटलं, की काय बिघडलंय ते याला नेमकं कळावं लागतं. मग सांगा, याला संगीत येत नाही असं कसं म्हणायचं?

पण शतकानुशतकं वाटणी ठरलेली. कर्नाटक संगीताच्या मंचावर मृदंग घेऊन बसणारे बहुतेक ब्राह्मण. बनवणारे बहुतेक दलित, त्यातही बरेच दलित ख्रिश्चन. तंजावूरच्या सेबास्टियन यांच्या घराण्यात पिढ्यान् पिढ्या हे काम चाललं. त्यांचे पुत्र परलांदू हे पालघाट मणी अय्यर यांचे मृदंग बनवत. मणी अय्यर (१९१२ ते १९८१) म्हणजे मृदंगातलं केवढं मोठं नाव! त्यांना हवा तसा नाद मिळावा म्हणून परलांदूंनी हयात घालवली. पण संगीताच्या पुस्तकांत अय्यरांचं नाव पानोपानी, परलांदूंचं क्वचित.

गायक टी. एम. कृष्णा यांनी या कारागिरांवर इंग्रजीत 'सेबास्टियन अँड सन्स' नावाचं पुस्तक लिहिलं. २०२० च्या सुरुवातीला त्याचं प्रकाशन चेन्नईच्या कलाक्षेत्र संस्थेच्या सभागृहात ठरलं होतं. पण पुस्तकातला काही मजकूर वर्तमानपत्रात आल्यावर संस्थेने सभागृहाची परवानगी मागे घेतली. समारंभ दुसरीकडे झाला. म्हणजे सिनेमाची गोष्ट काल्पनिक असली, तरी तिच्यातली बोच खरी आहे.

नंदनार आणि चोखोबा

तमिळ माणसाला पीटरची गोष्ट बघताना नंदनार आठवल्याशिवाय राहत नाही. नंदनार हे ६३ शैव संतांपैकी एक. शेतमजूर, अस्पृश्य मानल्या गेलेल्या जातीत जन्मलेले. चिदंबरमच्या नटराजाचं दर्शन घ्यायची त्यांना आस. तिरुप्पुंकूरच्या देवळाबाहेर उभे राहिले तर नंदी आडवा येत होता, तेव्हा देवाने नंदीलाच बाजूला सरकायला सांगितलं, अशी कथा आहे. एकोणिसाव्या शतकात गोपालकृष्ण भारती यांनी नंदनारांच्या चरित्रावर पदं रचली. मोठमोठे गायक ती आजही गातात.

आपल्याला हे वाचताना कोण आठवतं? चोखोबाच ना! पंढरपूरच्या महाद्वाराच्या पायरीशी त्यांची समाधी आहे. आपण ओव्या म्हणतो, अभंग गातो, पायरीला डोकं टेकतो. पण विठ्ठलाच्या देवळाचे दरवाजे सर्वांना उघडावेत म्हणून साने गुरुजींना १९४७ मध्ये उपोषणाला बसावं लागलं. चोखोबांना जाऊन तेव्हा सहाशे वर्षं झाली होती. संतांचं गाणं आपण लवकर घरात घेतो, त्यांच्या लेकरांना घ्यायला मात्र फार वेळ लावतो.

सारा

आता थोडं प्रेमाविषयी, नाहीतर म्हणाल ताईंनी सगळं समाजकार्यच करून टाकलं! पीटर साराच्या प्रेमात पडतो. सारा नर्स आहे, कमावती, स्वतःच्या पायांवर उभी. पोरगं मागे मागे फिरतं तेव्हा ती लाजून पळत नाही की लगेच विरघळत नाही. पीटर सगळीकडून ढकलला जातो तेव्हा ती त्याला बजावते की ताल काही फक्त गुरूच्या घरात कोंडलेला नाही. बघ जरा आजूबाजूला. पाऊस, पाखरं, कामाला लागलेले हात... सगळीकडे ताल आहे. सिनेमाचं नावही तिथूनच आलंय.

ही भूमिका केलीय अपर्णा बालमुरली हिने. पुढे 'सूरराई पोट्रू' या सिनेमासाठी तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्याचंच हिंदी रूप म्हणजे २०२४ चा 'सरफिरा'. पीटर झालाय जी. व्ही. प्रकाशकुमार. रहमानचा सख्खा भाचा, स्वतः संगीतकार. या भूमिकेसाठी तो उमयाळपुरम शिवरामन यांच्याकडे मृदंग शिकला. त्यामुळे त्याचे हात खोटे वाटत नाहीत. वेंबू अय्यर झालेले नेडुमुडी वेणू मल्याळी रंगभूमी आणि सिनेमातले दिग्गज, स्वतः मृदंग वाजवणारे. २०२१ च्या ऑक्टोबरात ते गेले. त्यांच्या डोळ्यांतली माया आणि करडेपणा बघायचा असेल तर हा सिनेमा जरूर बघा.

पुढे टीव्हीचा रिअॅलिटी शो येतो, गुरूला तो मान्य नाही, आणि त्या गोंधळात पीटरवर गुरूचं घर सोडायची वेळ येते. मग तो देशभर भटकतो. ठिकठिकाणच्या लोकवाद्यांपाशी बसतो, त्यांच्याकडून शिकतो. मला सगळ्यात आवडलेला भाग हाच. ज्यांना आपण 'वाजंत्री' म्हणून जेवणाच्या पंगतीत शेवटी बसवतो, तेच इथे त्याचे गुरू होतात.

शेवट सांगत नाही. पण एक कुरबुर सांगते. सिनेमात दार उघडतं ते एका थोर मनाच्या माणसामुळे. वेंबू अय्यर चांगले निघाले म्हणून पीटरला जागा मिळाली. ते तसे नसते तर? हक्काची गोष्ट कुणाच्या चांगुलपणावर का अवलंबून असावी? आणि शेवटचा न्याय टीव्हीच्या मंचावर लागतो, तेही जरा सोयीचं वाटतं. शिवाय मृदंगाभोवती सगळी पुरुषांचीच गर्दी. प्रत्यक्षात दंडमूडी सुमती यांच्यासारख्या मृदंगवादक बाई आंध्रात आहेत. २०२१ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. एखादी मुलगी मृदंग घेऊन बसलेली दिसली असती तर आणखी बरं वाटलं असतं.

"ताई, आमचे हे..."

आमच्या बचत गटात महिन्यातून एकदा आम्ही काहीतरी एकत्र बघतो. शेजारच्या मुलाने लॅपटॉप टीव्हीला जोडून दिला. सिनेमा तमिळ, खाली इंग्रजी अक्षरं, आणि मी शेजारी बसून मराठीत सांगतेय. पहिल्या अर्ध्या तासात शेंगा फोडत सगळ्या हसत होत्या. एक म्हणाली, "अहो ताई, आमच्या पोराचंच नाव बदलून पीटर ठेवलंय की!"

संपल्यावर मात्र एक बाई हळूच बोलली. एरवी ती गटात हप्ता भरण्यापुरतीच बोलते. तिच्या मालकांचं बाजारपेठेच्या मागच्या बोळात ढोलकी-पखवाज भरून द्यायचं छोटं दुकान आहे. ती म्हणाली, "ताई, आमचे हे पुडी बसवली की बोटांनी ठोकून बघतात. कान असा की वाजवणारा खोट काढत नाही. पण सप्ताहाला कधी कुणी म्हटलं नाही, बसा वाजवायला. आणि ह्यांनीही कधी विचारलं नाही."

मग कळलं की तिचा मुलगा आठवीत आहे. दुकानात बसून सगळे बोल नुसते ऐकून पाठ. आमच्या गावात देवळाच्या सभामंडपात पखवाजाचा क्लास चालतो. फी नाही. क्लास सगळ्यांना खुला आहे, असं सगळेच म्हणतात. पण त्या बोळातून आजवर एकही मूल तिथे आलेलं नव्हतं. कुणी 'येऊ नको' म्हटलं नव्हतं. कुणी 'ये' असंही म्हटलं नव्हतं.

दुसऱ्या आठवड्यात आम्ही तिघी-चौघी तिच्याबरोबर गेलो. बुवा म्हणाले, "यात विचारायचं काय? पाठवा की!" इतकं सोपं होतं ते. आणि इतकं सोपं नव्हतंही. मुलगा जायला लागला तसे दोघा मुलांचे पालक म्हणू लागले, वेळ जमत नाही, दुसरा क्लास लावलाय. असेलही. बुवांनी मात्र त्याला मागच्या ओळीतून पुढे घेतलं, कारण त्याचा ठेका पक्का आहे. आठ महिने झाले. तो नियमित जातोय. त्याचा बाप अजून सभामंडपात आला नाही. बाहेर चपलांजवळ उभा राहून ऐकतो आणि मुलाला घेऊन घरी जातो. आत या म्हटलं की, "राहू द्या, कामाचे हात आहेत," म्हणतो.

मैत्रिणींनो, आपल्या महाराष्ट्रातही कारागिरांची मोठी परंपरा आहे. मिरजेचंच बघा. हत्यारांना धार लावणारे शिकलगार एकोणिसाव्या शतकात तंतुवाद्यांकडे वळले आणि त्यांनी मिरजेची सतार, मिरजेचा तंबोरा देशभर पोचवला. २०२४ मध्ये या सतारीला आणि तंबोऱ्याला भौगोलिक मानांकन मिळालं. आनंदाची गोष्ट! पण ज्या तंबोऱ्याच्या सुरावर मोठमोठे गवई गायले, तो जुळवणाऱ्यांपैकी आपल्याला कितीजण ठाऊक आहेत?

म्हणून माझं एवढंच सांगणं. हा सिनेमा मिळाला तर घरातल्या मोठ्या मुलांना शेजारी घेऊन बघा. इंग्रजी अक्षरं वाचायचं काम त्यांना द्या, म्हणजे त्यांचंही लक्ष राहील. पोरगं ताटावर चमच्याने वाजवतं म्हणून ओरडण्याआधी एकदा ऐका, त्यात ठेका आहे का. आणि तुमच्या गावात गाण्याचा, वादनाचा, भजनाचा जो काही क्लास चालतो, तिथे येणारी मुलं कोणत्या आळीतली आहेत ते एकदा मोजा. ज्या आळीतून कुणीच येत नाही, तिथे जाऊन एखाद्या आईला एवढंच म्हणा, "ताई, पाठवा की उद्यापासून. मी येते तुमच्याबरोबर."